तीनशे चार

९ जुलै २०२४ ची रात्र. आपल्याकडे खरं तर दहा तारीख लागली होती, कारण सामना सुरू झाला तेव्हा घड्याळात साडेबारा वाजले होते. मोहरमचा चांद दिसून दोन-तीन दिवस झाले होते आणि कोल्हापुरात पावसानं धार धरली होती. घरात सगळी झोपलेली. मी आणि माझा नातू असे दोघंच टीव्हीसमोर. आवाज अगदी बारीक ठेवलेला. सून जागी झाली असती तर त्याची शाळा आणि माझं ब्लडप्रेशर अशा दोन्ही विषयांवर एकाच वेळी बोलणी खावी लागली असती.

म्युनिकला स्पेन आणि फ्रान्स यांच्यात युरो स्पर्धेचा उपांत्य सामना चालला होता. नवव्या मिनिटाला फ्रान्सनं गोल केला. एकविसाव्या मिनिटाला चेंडू एका पोरसवद्या खेळाडूच्या पायाशी आला. पेनल्टी क्षेत्राच्या बाहेर, बराच लांब. समोर फ्रान्सचा बचाव भिंतीसारखा उभा. त्यानं अंग थोडं डावीकडं झुकवलं आणि डाव्या पायानं असा वळवून चेंडू मारला की तो दूरच्या खांबाला आतल्या बाजूनं लागून जाळ्यात गेला. लामिन यामाल. वय सोळा वर्षं तीनशे बासष्ट दिवस. युरो स्पर्धेच्या इतिहासात एवढ्या लहान वयात कुणी गोल केला नव्हता.

नातू तोंडावर हात दाबून ओरडला, उठून उभा राहिला आणि दोन्ही हातांच्या बोटांनी त्यानं कसलीशी खूण केली.

"हे काय?" मी विचारलं.

"तीनशे चार. उसके मोहल्ले का पिनकोड है, दादा. गोल मारा की वो दिखाता है." आणि लगेच पुढचा प्रश्न, "अपना कित्ता है?"

मी पिनकोड सांगितला. आपल्या टपाल कचेरीच्या हद्दीत आजूबाजूच्या सगळ्या पेठा येतात, सगळ्यांचा मिळून एकच नंबर आहे, तेव्हा त्यानं आपला मोहल्ला काही वेगळा कळणार नाही, असंही सांगितलं. तो थोडा हिरमुसला. मी टीव्हीकडं बघत राहिलो. पण त्यानंतर स्पेननं दुसरा गोल कधी केला ते माझ्या नीट लक्षात आलं नाही. पोरानं न कळत माझ्या एका जुन्या जखमेवर बोट ठेवलं होतं. त्याबद्दल पुढे सांगतो. आधी त्या दुसऱ्या पोराची हकिकत.

त्या रात्रीनंतर मी लामिनच्या मागेच लागलो. मिळेल ते वाचलं, नातवाच्या मोबाइलवर पाहिलं. स्पेन म्हटलं की आपल्याकडच्या जलशांत अजून कुर्तुबाची मशीद निघते, ग्रॅनाडा निघतं, १४९२ साल निघतं आणि वक्त्याचा गळा दाटून येतो. मीही अशा भाषणांना माना डोलावल्या आहेत. पण या मुलाचा स्पेन तो नाही. त्याचा स्पेन घरभाड्याचा, पाळीच्या कामाचा आणि सिमेंटच्या मैदानाचा आहे.

बार्सिलोनापासून समुद्रकाठानं तीसेक किलोमीटरवर मातारो नावाचं गाव आहे. स्पेनच्या भूमीवरची पहिली आगगाडी १८४८ मध्ये बार्सिलोना ते मातारो अशी धावली, म्हणजे आपल्या बोरीबंदर-ठाणे गाडीच्याही पाच वर्षं आधी. गाव कापडाचं, विणकामाचं. असल्या गावाला माणसं कुठून मिळतात ते आम्हा इचलकरंजीच्या शेजाऱ्यांना कुणी सांगायला नको. १९६० च्या आसपास दक्षिण स्पेनमधून, अंदालुसियातून पोटामागं आलेली गरीब कुटुंबं इथे उतरली आणि रोकाफोंदा ही वस्ती वाढली. दाटीवाटीच्या इमारती, लहान घरं. पुढे त्यांतली अनेक कुटुंबं सावरून दुसरीकडं गेली आणि त्यांच्या जागी मोरोक्कोतून, पश्चिम आफ्रिकेतून नवी माणसं आली. माणसं बदलली तरी वस्तीबद्दल बोलायची रीत तीच राहिली, किंबहुना वाईट झाली. स्थलांतरितांच्या विरोधात राजकारण करणाऱ्यांनी रोकाफोंदाला 'बहुसांस्कृतिक उकिरडा' म्हणून घेतलं. या वस्तीचा पिनकोड ०८३०४.

लामिनचा जन्म १३ जुलै २००७ चा. वडील मोरोक्कोचे, आई आफ्रिकेतल्या इक्वेटोरियल गिनीची. या दोन्ही मुलखांवर एकेकाळी स्पेनचा अंमल होता. मोरोक्कोच्या उत्तर भागावर १९५६ पर्यंत, गिनीवर १९६८ पर्यंत. ज्यांच्या घरी स्पेन न विचारता गेला, त्यांची नातवंडं स्पेनच्या दारात आली तेव्हा मात्र त्यांना कागदपत्रं विचारली गेली. मोरोक्कोहून आधी आली ती लामिनची आजी. तिच्या मागोमाग घरातली बाकीची माणसं.

त्याच्या नावाची गोष्ट तर मला आपल्याच कुणाच्या तरी घरची वाटली. लामिनच्या जन्माच्या वेळी घरात ओढ होती, भाडं थकलं होतं. तेव्हा दोन माणसांनी हात दिला. एकाचं नाव लामिन, दुसऱ्याचं यामाल. आईबापांनी ठरवलं की मुलगा झाला तर त्याला या दोघांचं नाव ठेवायचं. असं सांगितलं जातं. आता ही नावं आपल्या कानांना परकी वाटतात; पण लामिन म्हणजे 'अल-अमीन' या नावाचं पश्चिम आफ्रिकेतलं रूप आणि यामाल म्हणजे 'जमाल'. आमच्या गल्लीत जन्मला असता तर अमीन जमाल म्हणून शाळेच्या पटावर चढला असता आणि मास्तरांनी तेही चुकीचंच लिहिलं असतं. उपकाराची फेड म्हणून ठेवलेलं हे नाव आज जगभरची पोरं पाठीवर घालून हिंडतात. भाड्याला मदत करणाऱ्या त्या दोघांना काय वाटत असेल!

तो लहान असतानाच आईबाप वेगळे झाले. आई त्याला घेऊन ग्रानोयेर्स या दुसऱ्या गावी राहू लागली. वडील आणि आजी रोकाफोंदात. पोराचं बालपण दोन घरांत वाटलं गेलं. आईच्या घराजवळ ला तोरेता नावाचा लहानसा क्लब होता, तिथे तो प्रथम रीतसर खेळला. रोकाफोंदाला आला की वस्तीतलं सिमेंटचं मैदान. ज्यांनी अशा मैदानावर खेळ केला आहे त्यांना ठाऊक असेल की तिथे पडून चालत नाही. पडला की गुडघा फुटतो. म्हणून पोरं पायात चेंडू आणि अंगात तोल घेऊनच वाढतात. मोठ्या मैदानावर दोन-दोन बचावपटूंच्या मधून तो निसटतो, तेव्हा मला ते सिमेंट दिसतं.

२०१४ मध्ये, सातव्या वर्षी, बार्सिलोनाच्या अकादमीनं त्याला उचललं. तिचं नाव ला मासिया. मासिया म्हणजे शेतावरचं घर, आपल्या भाषेत मळ्यातलं घर. पूर्वी क्लबनं अशाच एका जुन्या घरात पोरांच्या राहण्या-शिकण्याची सोय केली होती, म्हणून हे नाव. मेस्सी इथलाच.

आणि मेस्सीवरून त्या फोटोची गोष्ट सांगायलाच हवी. २००७ च्या शेवटी बार्सिलोनातलं एक क्रीडा दैनिक आणि युनिसेफ यांनी मदतनिधीसाठी एक कॅलेंडर काढलं. खेळाडूंनी सामान्य घरांतल्या मुलांबरोबर फोटो काढायचे, अशी कल्पना. त्यासाठी वस्तीत सोडत झाली आणि लामिनच्या घरचा नंबर लागला. वाट्याला आला वीस वर्षांचा, लाजराबुजरा मेस्सी. त्याला प्लास्टिकच्या टबात बसलेल्या तान्ह्या लामिनला अंघोळ घालायची होती; आणि फोटोत दिसतं की त्या बिचाऱ्याला मूल कसं धरावं हेही कळत नव्हतं.  जुलै २०२४ मध्ये वडिलांनी तो लोकांसमोर ठेवला आणि लोक म्हणाले, बघा, मेस्सीनं हात लावला होता. माझी बायको म्हणाली, "हात लावल्यानं होत असतं, तर आपल्या दर्ग्यात नेलेली सगळी पोरं कलेक्टर झाली असती." बाईचं म्हणणं खरं होतं. मेस्सीनं एकदा अंघोळ घातली. पुढे आईनं, आजीनं आणि बापानं त्या पोराला वाढवलं.

२९ एप्रिल २०२३ रोजी रेआल बेतिसविरुद्ध तो पहिल्यांदा बार्सिलोनाच्या मोठ्या संघातून मैदानात उतरला. सामना संपत आला होता, तेव्हा बदली म्हणून. वय पंधरा वर्षं आणि नऊ महिने. या क्लबकडून लीगमध्ये एवढ्या लहानपणी कुणी खेळलेलं नव्हतं. मग प्रश्न आला देशाचा. मोरोक्कोलाही तो हवा होता. २०२२ च्या विश्वचषकात उपांत्य फेरी गाठून मोरोक्कोनं साऱ्या आफ्रिकेला आणि अरब जगाला मान वर करायला लावली होती. मुलगा दोन मुलखांच्या मध्ये उभा. त्यानं स्पेन निवडला. ८ सप्टेंबर २०२३ रोजी जॉर्जियाविरुद्ध पहिला सामना खेळला आणि त्यातच गोल केला. तेव्हा आमच्या इथल्या एका स्नेह्यानं नाक मुरडलं, "आपल्या लोकांना सोडलं की पोरानं." मी म्हणालो, जन्मला तिथे, शिकला तिथे, खेळला तिथे. मग त्यानं कुणाला सोडलं? आपल्याला 'तिकडे जा' म्हणणाऱ्यांचा आपल्याला राग येतो; मग आपणच त्याला 'इकडे ये' कसं म्हणायचं? त्याच्या बुटांवर मोरोक्कोचा आणि गिनीचा असे दोन्ही झेंडे असतात. स्पेनची जर्सी अंगात, आईबापाचे मुलूख पायांत. यात विसंगती शोधणाऱ्यानं ती जरूर शोधावी.

जर्मनीत २०२४ ची युरो स्पर्धा चालली होती, तेव्हा तो शाळेची पुस्तकं बरोबर घेऊन गेला होता. आपल्या दहावीच्या तोडीचं त्याचं सक्तीचं शिक्षण पुरं व्हायचं होतं. दिवसा गृहपाठ, रात्री सामना. स्पर्धा चालू असतानाच पास झाल्याचा निकाल कळला. जर्मनीच्या कायद्याप्रमाणे अठरा वर्षांखालच्या मुलाला रात्री आठनंतर कामाला लावता येत नाही. खेळाडूंना अकरापर्यंत सवलत. त्यामुळे सामना लांबला तर स्पेनच्या पथकाला दंड होणार का, याचीही चर्चा झाली. हे वाचून मला हसू आलं आणि मग नाही आलं. आमच्या मोहल्ल्यात गॅरेजमध्ये आणि बेकरीत रात्री अकरानंतर राबणारी सोळा वर्षांची पोरं मी रोज बघतो. त्यांच्यासाठी कुणी कायद्याचं पुस्तक उघडत नाही.

१३ जुलैला त्याला सतरा पुरी झाली. १४ जुलैला बर्लिनमध्ये अंतिम सामना. दुसरा हाफ सुरू होताच त्यानं दिलेल्या पासवर निको विल्यम्सनं गोल केला. निकोचे आईबाप घानाहून निघून सहाराचं वाळवंट तुडवत स्पेनला पोचलेले. स्पेननं इंग्लंडला २-१ नं हरवलं. स्पर्धेतला सर्वोत्तम तरुण खेळाडू लामिन ठरला. त्या रात्री स्पेनमध्ये 'उकिरडा' हा शब्द कुणी काढला नसावा.

पण विजयाची रात्र सरते. महिन्याभरात, ऑगस्ट २०२४ मध्ये, मातारोतच त्याच्या वडिलांवर चाकूहल्ला झाला. ते वाचले. ज्यांना वस्तीला नावं ठेवायची होती त्यांना विषय मिळाला. २६ ऑक्टोबरला माद्रिदमध्ये बार्सिलोनानं रेआल माद्रिदला चार गोलांनी हरवलं, त्यांत एक त्याचा होता. आणि स्टेडियममधल्या काही जणांनी त्याला रंगावरून, वंशावरून शिव्या दिल्या. म्हणजे तीन महिन्यांपूर्वी ज्याच्या गोलावर अवघा देश नाचला, तोच पोरगा तीन महिन्यांनी पुन्हा परका. जर्मनीच्या मेसुत ओझिलनं २०१८ मध्ये राष्ट्रीय संघ सोडताना हेच दुःख मांडलं होतं: जिंकलो की मी जर्मन, हरलो की स्थलांतरित. हा हिशोब आपल्या ओळखीचा आहे. आपल्याकडेही झेल सुटला की एखाद्याचं आडनाव लोकांना एकदम आठवतं.

मार्च २०२५ मध्ये रमजान होता. ११ तारखेला बार्सिलोनाचा बेन्फिकाशी चॅम्पियन्स लीगचा सामना होता, संध्याकाळी पावणेसातला. म्हणजे सामना सुरू झाला तेव्हा मगरिब व्हायची होती. पोराला रोजा होता. त्या सामन्यात राफिन्याच्या गोलाला त्यानं पास दिला आणि एक गोल स्वतः केला. पहाटे उठून पाणी आणि क्षार नीट घेतले की दिवस निघतो, असं त्यानं साधेपणानं सांगितलं. मला त्याचा गोल आवडला, पण त्याहून हा साधेपणा आवडला. त्यानं रोजाचं भांडवल केलं नाही आणि तो लपवलाही नाही.

मी त्याला फरिश्ता करत नाही. जुलै २०२५ मध्ये अठराव्या वाढदिवसाला त्यानं जी पार्टी दिली, तिच्यात ठेंगण्या माणसांना करमणुकीसाठी आणल्याची तक्रार झाली आणि टीकाही झाली. ती व्हायलाच हवी होती. ज्याला स्वतःला लोकांनी तमाशासारखं पाहिलं, त्यानं दुसऱ्याचा तमाशा करू नये. त्याच महिन्यात क्लबनं त्याला मेस्सीची दहा नंबरची जर्सी दिली. अठराव्या वर्षी एवढं ओझं आणि एवढा पैसा अंगावर आला की पाय घसरायचेच. पुढे काय होईल ते अल्लाह जाणे.

आता माझी गोष्ट. मीही फुटबॉल खेळलो आहे. कोल्हापुरात जन्मलेल्याला यात फारसं नवल नाही. इथे संघांची नावं तालमींची आणि पेठांची असतात. तरुणपणी दोन हंगाम मी एका तालमीच्या 'ब' संघातून शाहू स्टेडियमवर लेफ्ट आउट खेळलो. छातीवर तालमीचं नाव, गॅलरीत त्याच नावाचा गजर. पाय अडखळला तर नावाची अब्रू जाईल म्हणून आदल्या रात्री झोप लागायची नाही. संघात पाटील होते, जाधव होते, मी होतो, आणखी एक मुल्ला होता. मैदानावर आम्हाला एकच पत्ता होता.

मैदानाबाहेर मात्र दुसरा होता. २००९ मध्ये माझ्या मुलानं डिप्लोमा केला. मार्क चांगले होते. अर्जामागून अर्ज गेले, उत्तर येईना. एका कचेरीत मी स्वतः चौकशीला गेलो, तेव्हा समोरच्या गृहस्थानं पत्ता वाचला, भुवया उचलल्या आणि "तिकडचे का तुम्ही" एवढंच म्हटलं. तो वाईट बोलला नाही. त्याच्या 'तिकडे' या एका शब्दात मात्र आमची गल्ली, आमची बेकरी, आमचं वाचनालय, रात्री अकराला गॅरेज बंद करून घरी येणारी पोरं, सगळं गेलं. घरी येऊन मी मुलाला सांगितलं की पुढच्या अर्जावर माझ्या एका शिक्षक मित्राचा, चांगल्या वस्तीतला पत्ता घाल. त्यानं माझ्याकडं एकदा पाहिलं आणि घातला. मुलाखतीचं पत्र आलं, नोकरी लागली. पेढे आणले तेव्हा तो एवढंच म्हणाला, "अब्बा, नोकरी मला लागली की पत्त्याला?"

मी हसून विषय बदलला. त्यानं तो पुन्हा काढला नाही. पण त्यानंतर कुठल्याही कागदावर त्यानं आमच्या मोहल्ल्याचं नाव लिहिलेलं मी पाहिलं नाही. मी त्याला अब्रू राखायला शिकवत होतो असं मला वाटलं होतं. प्रत्यक्षात मी त्याला लाज शिकवली.

आणि म्हणून ती बोटांची खूण मला झोंबली. रोकाफोंदात चाकू चालतो हे त्या पोराला ठाऊक आहे. त्याच्या बापानंच तो सोसला. लोक त्या वस्तीला काय म्हणतात तेही ठाऊक आहे. तरी जगातल्या सर्वांत मोठ्या मैदानांवर उभा राहून तो सांगतो की मी तिथला. वस्ती सुधारल्यावर सांगीन, असं म्हणत नाही.

एक प्रश्न तरीही उरतो आणि तो गोलानं सुटत नाही. रोकाफोंदातल्या ज्या पोराला फुटबॉल येत नाही, जो नुसताच बरा आहे, जो बेकरीत काम करतो, त्यानं ०८३०४ लिहिलं तर त्याला नोकरी मिळते का? मोहल्ल्याची इज्जत राखायला दर वेळी एक लामिन जन्माला यावा लागत असेल, तर ती इज्जत नव्हे, उधारी झाली. माझा मुलगा गोल मारणारा नव्हता. तो फक्त चांगला विद्यार्थी होता. तेवढं पुरायला हवं होतं. जगाला पुरलं नाही हे खरं. पण जगाच्या आधी मीच ते पुरेसं मानलं नाही, हे मला आता म्हातारपणी कबूल करावं लागतं.

गेल्या सुटीत नातवानं उन्हाळी फुटबॉल शिबिराचा फॉर्म आणला. सगळा त्यानंच भरला होता. मला फक्त सही करायची होती. मी चष्मा लावून वाचू लागलो. पत्त्याच्या रकान्यात घर नंबर, गल्ली आणि मोहल्ल्याचं पूर्ण नाव त्यानं मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं. नावातली एक वेलांटी चुकली होती.

"दादा, कुछ गलत है क्या?"

"नाही," मी म्हणालो आणि तेवढी वेलांटी माझ्या हातानं दुरुस्त करून खाली सही केली.